पाऱ्याच्या पुरचुंड्या

सोमाजी पेढे घेऊन आले तेव्हा मी ब्रोमिनची बाटली उघडत होतो. मान न वळवता मी त्यांना दारातच थांबायला सांगितलं. ते थांबले. ब्रोमिनच्या बाबतीत त्यांना कधी दोनदा सांगावं लागत नसे.

तुमसरच्या एका कॉलेजात मी तेव्हा केमिस्ट्रीचा डेमॉन्स्ट्रेटर होतो. सत्तरच्या दशकाची अखेर. प्राध्यापक शिकवतात, डेमॉन्स्ट्रेटर प्रयोगाची तयारी करून देतो, मुलांच्या मागे उभा राहतो, चुकलं तर सांगतो. माझे वडील राईस मिलमध्ये हमाल होते. घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. नोकरीला दीड वर्ष झालं होतं, तरी कोणी ‘सर’ म्हटलं की मागे कोण उभं आहे ते बघावंसं वाटे. सोमाजी आमचे लॅब अटेंडंट. पन्नाशीच्या पुढचे, गाव सिहोरा. आठवडाभर तुमसरला खोली करून राहायचे आणि शनिवारी एस.टी.नं घरी जायचे. शिक्षण चौथीपर्यंत, पण कोणती बाटली कोणत्या फळीवर कितवी, हे मला त्यांनीच शिकवलं होतं.

ब्रोमिनचं बूच काढलं की तांबूस धूर वर येतो आणि डोळ्यांना, नाकाला झोंबतो. थोडं ब्रोमिन पाण्यात सोडायचं, हलवायचं, बाटली पुन्हा वाळूच्या डब्यात ठेवायची. झालं ब्रोमिन वॉटर. अंगावर थेंब उडालाच तर ओतायला ब्रोमिनचा जोर मारणारं हायपोचं पाणी शेजारी भरून ठेवायचं. मूलद्रव्यं, म्हणजे ज्यांच्यातून आणखी साधा पदार्थ निघत नाही असे मूळ पदार्थ, शंभराच्या वर आहेत. त्यातली साध्या खोलीत पातळ राहणारी दोनच: ब्रोमिन आणि पारा. आणखी एक-दोन आमच्या भंडाऱ्याच्या मे महिन्यात वितळली असती, पण ती आमच्या कपाटात नव्हती.

सोमाजी ब्रोमिनला भीत. पाऱ्यावर मात्र त्यांचा जीव होता. एखाद्या मुलाच्या हातून थर्मामीटर फुटला की सोमाजी पत्त्याचं पान घेऊन जमिनीवर बसायचे आणि एकेक थेंब ढकलत दुसऱ्याला मिळवायचे. दोन थेंब एक झाले की हसायचे.

बूच बसल्यावर मी हात धुतले आणि पेढा घेतला.

“नातू झाला जी. शुक्रवारी,” सोमाजी म्हणाले. “शेवंता मजेत आहे.”

शेवंता त्यांची एकुलती मुलगी, पहिल्या बाळंतपणाला माहेरी आलेली. जानेवारी होता. कडाक्याची थंडी होती. बाळाला थंडी लागत नाही ना, असं मी नुसतं विचारायचं म्हणून विचारलं. सोमाजी खुलले. मधल्या खोलीत ठेवलंय म्हणाले. त्या खोलीला खिडकी नाही, दार बंद, वर गोधडी लावलेली. बाजेखाली दिवसरात्र शेगडी. एका अंगाला भिंत, दुसऱ्या अंगाला धानाची ढोली, त्यामुळे वाऱ्याची झुळूकही लागत नाही.

ढोली म्हणजे बांबूच्या कमच्यांची, शेणमातीनं लिंपलेली, माणसाएवढी उंच कणगी. माझा पेढा तोंडातच राहिला.

“कोणती ढोली, सोमाजी?”

“एकच तं आहे जी. तुमी देल्लेला पारा ज्याच्यात टाकला ते.”

इथं मला माझं सांगावं लागेल. धान कापून घरात आलं तेव्हा सोमाजींनी माझ्याकडे थोडा पारा मागितला होता. आमच्या भागात धानाला कीड लागू नये म्हणून पारा ठेवायची पद्धत होती. कापडाच्या लहान पुरचुंड्या करून त्या ढोलीत सोडायच्या. बाजारातला पारा भेसळीचा असतो, कॉलेजातला चांगला, असं ते म्हणाले. मी पेनिसिलिनची रिकामी बाटली काठोकाठ भरून दिली. एवढीशी बाटली, पण हातात दगडासारखी जड लागत होती. बापाच्या वयाचा माणूस माझ्याकडे काही मागतो आणि मला ते देता येतं, याचा मला आनंद झाला होता. खोटं कशाला सांगू.

त्यानंतर दोन महिन्यांनी, म्हणजे पेढ्यांच्या अगदी दोन दिवस आधी, मी एम.एस्सी.च्या तयारीसाठी कपाटातलं एक जुनं इंग्रजी पुस्तक डिक्शनरी शेजारी ठेवून वाचत होतो. त्यात लिहिलं होतं की पारा नुसता उघडा ठेवला तरी त्याची वाफ होते. तिला रंग नाही, वास नाही. ऊब मिळाली की ती वाढते. बंद खोलीत साठते. श्वासातून आत गेली की मेंदूला आणि मूत्रपिंडाला अपाय करते, आणि सगळ्यात जास्त धोका अगदी लहान मुलांना. मी त्या ओळींखाली पेन्सिलीनं रेघ मारली होती. परीक्षेत येईल म्हणून. सोमाजींची बाटली मला आठवलीसुद्धा नव्हती.

मी विभागप्रमुखांच्या खोलीत गेलो. आम्ही त्यांना हेडसर म्हणायचो. ते नागपूरचे, कमी बोलणारे. मी दारातूनच सांगायला सुरुवात केली.

“सर, मी सोमाजींना लॅबमधला पारा दिला होता. धानात ठेवायला.”

“किती?”

“पेनिसिलिनची बाटली भरून.”

“आता कुठे आहे तो?”

“बाळंतिणीच्या खोलीत. बाजेखाली शेगडी आहे. बाळ चार दिवसांचं आहे.”

सरांनी पेनला टोपण लावलं. 

“तुला मी रागावणार आहे,” ते म्हणाले, “पण आज नाही. आजचं प्रॅक्टिकल मी घेतो. सल्फरचा डबा ने, फिल्टर पेपर ने, टॉर्च ने. पहिल्यांदा बाळ बाहेर, मग शेगडी बाहेर, मग पारा. हाच क्रम. आणि त्या लोकांना घाबरवू नकोस.”

मी वळलो तेव्हा ते पुन्हा बोलले. “हे तुला माहीत हवं होतं. ते सांगायचं काम माझं होतं.”

सिहोऱ्यावरून बपेऱ्याकडे जाणाऱ्या एस.टी.त आम्हाला मागची सीट मिळाली. गंधकाचा डबा सोमाजींनी मांडीवर घेतला. त्यांना मी एवढंच सांगितलं होतं की पाऱ्याची वाफ बाळाला चांगली नाही, तो काढावा लागेल. गाडी गावाबाहेर पडल्यावर त्यांनी विचारलं, “लेकराले काई होईन का जी?”

काही होणार नाही, असं म्हणायला ओठ उघडलेही होते. पण मला ते माहीत नव्हतं. “मले माहीत नाही, सोमाजी,” मी म्हणालो.

त्यांनी मान हलवली. मग खिडकीबाहेर बघत म्हणाले, “तुमी देल्ला असं मी म्हणत नाई. मीच मांगतला.”

 सिहोरा आलं तेव्हा डबा मी माझ्या हातात घेतला.

घरी सोमाजींची बायको भागाबाई दारातच भेटल्या. सोमवारी भरदुपारी नवऱ्याला घरी आलेलं पाहून आधी त्या दचकल्या. मी त्यांना काकू म्हणायचो. ओसरीवर बसून मी सगळं सांगितलं. चोवीस वर्षांचा, बिनलग्नाचा मुलगा मी, आणि बाळंतिणीची खोली बदला म्हणून सांगत होतो. माझे कान तापले होते. काकूंनी मध्ये न बोलता ऐकून घेतलं. मग त्या म्हणाल्या की त्यांच्या सासूनं आयुष्यभर धानात पारा ठेवला, त्याही ठेवतात, गावातली निम्मी घरं ठेवतात. कोणाला काय झालं?

“धूर नाई, वास नाई,” त्या म्हणाल्या, “अन् तुमी म्हणता हवेत आहे.”

मी दोरीवरच्या ओल्या लुगड्याकडे बोट दाखवलं. ते वाळतं तेव्हा पाणी जाताना दिसतं का, विचारलं. थंडीत हळू जातं, चुलीपाशी धरलं तर लवकर जातं. पाऱ्याचंही तसंच. त्यांना ते पटल्यासारखं वाटलं, पण त्या उठल्या नाहीत.

“तुमच्या घरी नाई ठेवत?”

“ठेवते माझी आई. मीच नेऊन देल्ला,” मी म्हणालो. “येत्या इतवारी जाऊन काढतो. आज इथं आलो, कारण इथं लेकरू आहे.”

 काकूंनी सोमाजींना विहिरीवरून पाणी आणायला पाठवलं. घरात पाणी भरलेलं होतं, ते मला दिसत होतं. सोमाजी कळशी घेऊन गेले. ते कोपऱ्याआड झाल्यावर काकूंनी पदराआडून गळ्यातली पोत बाहेर काढली. काळ्या मण्यांत सोन्याचं डोरलं होतं. निम्मंअधिक पांढरं पडलेलं, कथलासारखं.

“हे पाहा जी. कोनाले सांगतलं नाई. त्यायले तं नाईच.”

सवाष्णीच्या गळ्यातलं सोनं पांढरं पडलं तर आमच्याकडे त्याचा एकच अर्थ लावतात. दोन महिने ही बाई एकटी तो अर्थ मनात घेऊन वावरत होती. सोमवार धरले होते. नवऱ्याला शनिवारी यायला थोडा उशीर झाला की एस.टी.च्या थांब्यापर्यंत जाऊन उभी राहत होती. हे तिनं मला तेव्हाच, भराभर, विहिरीच्या वाटेकडे डोळे ठेवून सांगितलं.

“काकू, पुरचुंड्या कोणी बांधल्या?”

“मीच.”

“पारा हातावर घेतला होता?”

“हाव. पळत होता ना तो. एका हातावर पारा, दुसऱ्या हातानं कापड.”

“आणि वाकल्यावर पोत खाली लोंबली असेल. ती तुम्ही हातानं धरली असेल.”

त्यांनी आठवून पाहिलं. हळूच मान हलवली.

“पारा सोन्याला लागला की सोन्यात शिरतो,” मी म्हणालो. “सोनं पांढरं दिसतं. एवढंच आहे. लॅबमध्ये पातळ ॲसिडमध्ये बुडवलं की पारा निघून जातो, सोनं राहतं. मी करून देतो.”

“म्हणजे त्यायच्या जिवाचं काई नाई?”

“काही नाही.”

काकूंनी पदर तोंडाला लावला. रडल्या की नाही, मला सांगता येत नाही. मी दुसरीकडे बघत होतो. मग त्यांनी पुन्हा डोरल्याकडे पाहिलं, आणि या वेळी त्यांचा चेहरा बदलला.

“सोन्यात शिरते ते,” त्या म्हणाल्या, “अन् माझ्या लेकीच्या बाजेपाशी ठेवलं मी.”

त्या उठल्या. सोमाजी कळशी घेऊन आले तोवर त्यांनी मधल्या खोलीचं दार उघडून गोधडी ओढून काढली होती. प्रश्न होता बाळंतिणीला न्यायचं कुठं. सोयर चालू, शेजारी कोणी घरात घेणार नाही. ओसरीवर गार वारा. राहिली फक्त स्वयंपाकाची खोली, आणि तिथं चूल, तिथंच देव. सोमाजी घुटमळले. सोयरातली बाळंतीण चुलीपाशी कशी न्यायची, असं ते पुटपुटले.

“चूल आंगनात मांडतो आपन,” काकू म्हणाल्या. “देवाले मी समजावीन. धरा बाज.”

आधी काकूंनी बाळाला छातीशी धरून नेलं. मागून शेवंता भिंतीला धरत गेली. ती अशक्त होती, पण हसत होती. जाता जाता म्हणाली, “बाबा, कालेजातले सर बाज उचलाले आले का आपल्या घरी?” बाजेचं एक टोक माझ्या हातात होतं, त्यामुळे मला नाही म्हणता आलं नाही.

मग शेगडी अंगणात गेली. सोमाजी छपरावर चढले आणि त्या खोलीवरची पाच-सहा कवेलू, आमच्याकडची कौलं, त्यांनी बाजूला सारली, म्हणजे कोंडलेली हवा निघून जाईल. हे त्यांना मी सांगितलं नव्हतं.

अंधाऱ्या खोलीत पारा शोधायचा तर टॉर्च वरून मारून उपयोग नाही. ती जमिनीवर आडवी ठेवायची. मग बारीकसा थेंबही चमकतो. ढोलीच्या खालच्या तोंडातून आम्ही धान काढलं. पुरचुंड्या चार होत्या. दोन शाबूत होत्या. दोन, वरच्या धानाच्या वजनानं दबून, पाझरल्या होत्या. मी टॉर्च हळूहळू फिरवली. ढोलीच्या बुडाशी चमचम दिसली. तिथून सारवणाच्या एका भेगेतून ती रेघ बाजेच्या दिशेनं गेली होती. घराच्या जमिनीला थोडा उतार होता. शेगडीचा काळा डाग जिथं होता, तिथून हातभर अंतरावर ज्वारीच्या दाण्याएवढे तीन थेंब होते.

सोमाजी माझ्या शेजारी उकिडवे बसले होते. त्यांनीही ते पाहिले. खिशातून पत्त्याचं पान काढून त्यांनी एकेक थेंब ढकलत कागदावर घेतला. दोन थेंब एक झाले. या वेळी ते हसले नाहीत.

जे थेंब उचलता येत नाहीत त्यांच्यावर गंधकाची पूड टाकतात. पारा गंधकाशी जुळला की त्याची वाफ होत नाही. मी भेगांत पूड भरली. सोमाजींनी खुरप्यानं वरचं सारवण खरवडून काढलं. ते, पुरचुंड्यांची कापडं आणि तळाचं दोन-तीन पायल्या धान विहिरीपासून लांब खड्ड्यात पुरलं. काकूंनी धान पुरताना एकदाही हळहळ केली नाही.

संध्याकाळी सरकारी दवाखान्यातले डॉक्टर येऊन गेले. त्यांनी बाळाला तपासलं, शेवंताच्या हिरड्या पाहिल्या, हात पुढे करायला लावून थरथर आहे का ते पाहिलं. आत्ता काही दिसत नाही, म्हणाले. दर महिन्याला बाळाला वजनाला आणा. अशी केस आपण कधी पाहिली नाही, हेही त्यांनी सांगून टाकलं. मला ते डॉक्टर आवडले.

शेवटच्या गाडीनं मी परतलो. खिशात गोळा केलेल्या पाऱ्याची पेनिसिलिनची बाटली होती आणि वेगळ्या कागदात डोरलं. काकूंनी ते सोमाजींच्या नकळत माझ्या हातात दिलं होतं आणि गळ्यात नुसती काळी पोत ठेवली होती.

दुसऱ्या दिवशी लॅबमध्ये मी पारा गाळला. फिल्टर पेपरला टाचणीनं एक भोक पाडायचं आणि त्यातून पारा सोडायचा. घाण वर राहते. कागदावर धानाचा कोंडा आणि माती राहिली. खाली पडलेला पारा मोजला. दिला होता त्यापेक्षा तो कमी भरला. सोमाजी तराजूकडे बघत उभे होते.

“बाकीचा कुठं गेला जी?”

काही मातीत गेला, काही गंधकात, मी म्हणालो. पुढचं त्यांना कळलं होतं. 

डोरलं साफ करायचं तर सोमाजींना बाहेर पाठवायला हवं होतं. मी त्यांना ऑफिसातून खडू आणायला सांगितलं. ते गेले नाहीत. स्टूल ओढून माझ्यासमोर बसले.

“काढा जी ते. मले मालूम आहे.”

मी खिशातला कागद टेबलावर ठेवला.

“दोन महिने पाहून राहिलो मी,” सोमाजी म्हणाले. “ते पदराखाली झाकते, म्हणून मी दिसत नाई असं करतो. मले वाटलं, आपली वेळ आली असन. आता तिले कायले सांगाचं? घाबरन बिचारी.”

मी कागद सोडला. काचेच्या पेल्यात पातळ नायट्रिक ॲसिड घेतलं, खिडकी उघडली आणि चिमट्यानं डोरलं आत सोडलं. बारीक बुडबुडे आले. पांढरेपणा कडेकडेनं जाऊ लागला. सोन्याला हे ॲसिड काही करत नाही. ते आधी मळकट पिवळं दिसलं. पाण्यानं धुऊन, रिठ्यानं घासल्यावर उजळलं. सोमाजींनी ते तळहातावर घेतलं आणि सदऱ्याच्या टोकानं पुसत राहिले. वाळलं होतं, तरी पुसत राहिले.

“तुमीच द्या तिले,” शेवटी ते म्हणाले. “मले मालूम नाई, असंच राहू द्या. तिनं एवढं झाकलं, त्याचा मान राहीन.”

रविवारी घरी जाऊन मी आईच्या धानातला पाराही काढून आणला. मग बारशाला मी गेलो आणि डोरलं काकूंच्या हातात दिलं. सोमाजी तेव्हा मुद्दाम अंगणातल्या चुलीत फुंकर घालत बसले होते.

हेडसर रागावले ते पारा काढला त्याच आठवड्यात, ठरल्याप्रमाणे. दहा मिनिटं. त्यानंतर लॅबच्या दारावर एक कागद लागला की आतलं कोणतंही द्रव्य बाहेर जाणार नाही. कागदाला चिकी, म्हणजे पिठाची खळ, लावून तो दारावर डकवला सोमाजींनी.

बाळाचं वजन महिन्यामहिन्यानं वाढत गेलं. आता तो वरठीला नोकरीला आहे, चाळिशी ओलांडलेला. त्या दिवशी आम्ही गेलो म्हणून तो वाचला, की नसतो गेलो तरी त्याला काही झालं नसतं, हे मला कधीच कळणार नाही. पुस्तकात तसं उत्तर नाही.

मी मात्र एक सवय लावून घेतली, ती निवृत्त होईपर्यंत टिकली. दारावर कागद असला तरी लोक मागायचे ते मागतच: फिनेल, तेजाब, उंदराचं औषध कसं करायचं ते. कशाला हवं, हे सगळेच विचारतात. मी पुढे विचारायचो, घरात कुठं ठेवाल आणि त्या खोलीत कोण झोपतं? लोकांना तो आगाऊपणा वाटे. मी विचारणं सोडलं नाही.